'सावकाश' नावाचा क्वेसार आणि आपली विज्ञानकथा स्पर्धा

आपल्या शाळेचे विज्ञान मंडळ दरवर्षी जी मराठी विज्ञानकथा स्पर्धा घेते, ती पुढील वर्षापासून बंद करावी किंवा निदान हिंदी व इंग्रजीतूनच घ्यावी, अशी सूचना गेल्या पालक-शिक्षक सभेत आली. निर्णय अजून व्हायचा आहे. तो होण्याआधी या वार्तापत्राच्या संपादक मंडळाचे म्हणणे वाचकांपुढे मांडावे म्हणून हा लेखप्रपंच.

सूचना करणाऱ्यांचा हेतू वाईट नाही, हे आधीच सांगतो. प्रवेशिका कमी येतात, हे खरे आहे. मुलांना पुढे सगळे विज्ञान इंग्रजीतूनच शिकायचे आहे, हेही खरे. पण सभेत जास्त जोर होता तो तिसऱ्या मुद्द्यावर: या कथांत विज्ञान नावालाच असते, बाकी सगळे मनाचे खेळ असतात, मग त्याला विज्ञान मंडळाचे बक्षीस कशाला? पुरावा म्हणून यंदा आलेल्या एका कथेचे नाव घेतले गेले. नववीतल्या एका विद्यार्थिनीची ही कथा परीक्षकांनी 'अशास्त्रीय' असा शेरा मारून बाजूला ठेवली होती. आम्ही ती मागवून घेतली आणि मंडळातल्या सर्वांनी वाचली. वाचल्यावर मात्र आमचे मत सभेतल्या मतापेक्षा वेगळे झाले.

कथा थोडक्यात अशी. 'सावकाश' नावाचा एक क्वेसार आहे. नाव लेखिकेचे स्वतःचे. (सावकाश या शब्दाच्या पोटात 'अवकाश' बसलेले आहे, हे रोज "सावकाश जा रे" म्हणणाऱ्या किती जणांच्या लक्षात आले असेल?) इंदूरहून निघालेले चौघांचे यान एका आडवाटेने त्याच्याजवळ पोहोचते आणि तिथे सात दिवस थांबते. तेवढ्यात पृथ्वीवर साठ वर्षे उलटतात. यानातली घड्याळे अडखळतात, प्रवाशांचे बोलणे लांबत जाते, चहाचा कप ओठांपर्यंत न्यायला अर्धा दिवस लागतो. इकडे दुर्बिणीला डोळा लावून बसलेल्या धाकट्या बहिणीला यानाचा दिवा एकदा लुकलुकताना दिसतो; आणि वर्षभरानंतर तोच दिवा, तसाच लुकलुकत, आकाशात किंचित बाजूला पुन्हा दिसतो. शेवटी चौघे परत येतात. राजवाडा जागेवर असतो. पण ते राहत होते त्या गल्लीत त्यांची मराठी समजणारे कुणी उरलेले नसते.

हा शेवट सभेत कुणी वाचून दाखवला नाही. चर्चा झाली ती फक्त लाल शाईच्या खुणांची. त्या खुणा आम्हीही तपासल्या, कारण कथा अशास्त्रीय आहे असे म्हणायचे तर शास्त्र काय म्हणते ते आधी पाहायला हवे.

क्वेसार ही काही कथाकारांची निर्मिती नव्हे. केंब्रिजच्या रेडिओ दुर्बिणींनी केलेल्या तिसऱ्या यादीत २७३ क्रमांकाचा एक स्रोत होता, थ्री सी २७३. १९६२ साली चंद्र त्याच्यावरून सरकत गेला. सिरिल हॅझर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ऑस्ट्रेलियातल्या पार्क्स येथील रेडिओ दुर्बिणीतून तो क्षण टिपला. चंद्राची कडा आकाशात कधी कुठे असते हे अगदी नेमके ठाऊक असते. तेव्हा स्रोत ज्या क्षणी झाकला जातो आणि पुन्हा उघडतो, त्यावरून त्याची जागा कळते. (हीच युक्ती मनात धरून पुढे गोविंद स्वरूप यांनी उटीजवळच्या डोंगरउतारावर ५३० मीटर लांबीची रेडिओ दुर्बीण उभारली. आपल्याकडच्या पुस्तकांत ही गोष्ट फारशी येत नाही म्हणून मुद्दाम लिहिली.) त्या जागी पाहिले तर कन्या राशीत एक साधा, तेराव्या प्रतीचा निळसर तारा. मार्टिन श्मिट यांनी पालोमारच्या दोनशे इंची दुर्बिणीतून त्याचा वर्णपट घेतला, तर त्यातल्या रेषा कशाशीच जुळेनात. फेब्रुवारी १९६३ मध्ये त्यांच्या लक्षात आले की या हायड्रोजनच्याच नेहमीच्या रेषा आहेत, फक्त तांबड्या टोकाकडे १६ टक्के सरकलेल्या. याला मराठीत ताम्रसृती म्हणतात. एवढी सरक म्हणजे सेकंदाला सुमारे ४७ हजार किलोमीटर वेगाने दूर जाणारी वस्तू. आजच्या हिशेबाने तिचे अंतर सुमारे २४० कोटी प्रकाशवर्षे येते.

इतक्या दुरून जी वस्तू साध्या आठ इंची दुर्बिणीत दिसते (चैत्र-वैशाखात गावाबाहेर काळोखात गेलात तर तुम्हांलाही दिसेल), ती जवळ असती तर काय झाले असते? ती ३० प्रकाशवर्षांवर आणून ठेवली तर आपल्या सूर्याइतकी तळपेल. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत सव्वाआठ मिनिटांत येतो, हे लक्षात घेऊन हा आकडा वाचावा. एवढा उजेड येतो तो दीर्घिकेच्या मध्यभागी असलेल्या प्रचंड कृष्णविवराभोवती गरगरणाऱ्या वायूच्या तबकडीतून. वायू आत पडताना तापतो, आणि तो तापलेला वायू झळाळतो. विवर स्वतः काळेच.

आता लाल शाईकडे येऊ. सर्वांत ठळक खूण दोनदा दिसणाऱ्या दिव्यावर होती: "एकच प्रकाश दोनदा कसा येईल?" येतो. १९७९ साली डेनिस वॉल्श, रॉबर्ट कार्सवेल आणि रे वेमन यांना सप्तर्षीच्या परिसरात शेजारी शेजारी दोन क्वेसार सापडले. अंतर जेमतेम सहा विकला, आणि वर्णपट जुळ्या भावंडांसारखे. ते दोन नव्हतेच. मध्ये एक दीर्घिका आडवी आहे. तिच्या वस्तुमानाने भोवतीचे अवकाश वाकलेले आहे, आणि मागच्या एकाच क्वेसारचा प्रकाश दोन वाटांनी आपल्याकडे येतो. याला गुरुत्वीय भिंग म्हणतात. दोन वाटांची लांबी सारखी नाही. त्यामुळे एका प्रतिमेत प्रकाश कमीजास्त झाला की तोच चढउतार दुसऱ्या प्रतिमेत सुमारे ४१७ दिवसांनी दिसतो. म्हणजे एकच घटना आकाशात दोन ठिकाणी, एक वर्ष आणि पावणेदोन महिन्यांच्या फरकाने. आमच्या लेखिकेने 'वर्षभरानंतर' लिहिले आहे. तिने हे कुठे वाचले होते की नुसता अंदाज केला, हे आम्ही तिला विचारले. ती म्हणाली, लांबच्या रस्त्याने येणारा पाहुणा उशिरा पोहोचतो, यात विचारायचे काय?

म्हणजे ज्या वाक्याखाली जाड रेघ ओढली गेली, तेच कथेतले सर्वांत खरे वाक्य निघाले.

चूक आहे ती वेगळ्याच ठिकाणी, आणि तिच्याखाली रेघ नाही. चहाचा कप ओठांपर्यंत न्यायला अर्धा दिवस लागतो, हे शास्त्राला मान्य होणार नाही. कृष्णविवराजवळ काळ मंदावतो हे आइन्स्टाइन यांच्या व्यापक सापेक्षता सिद्धांतातून निघते, पण तो कुणाच्या दृष्टीने मंदावतो हा खरा प्रश्न आहे. यानातल्या माणसाची नाडी, त्याचे घड्याळ, चहा निवण्याचा वेग, हे सगळे एकाच प्रमाणात चालते. त्याला काहीच वेगळे वाटत नाही. दूर बसलेल्या बहिणीने पाहिले तर तिला भाऊ सावकाश हलताना दिसेल. आणि भावाने तिच्याकडे पाहिले तर ती भराभर म्हातारी होताना दिसेल. दोघांचीही घड्याळे बरोबर आहेत.

ही बाब मोठ्यांनाही सहज पचत नाही. २०२३ साली सिडनीचे जेरेंट लुइस आणि ऑकलंडचे ब्रेंडन ब्रूअर यांनी १९० क्वेसारांच्या वीस वर्षांच्या नोंदी तपासून दाखवले की विश्व शंभर कोटी वर्षांहून थोडेसेच मोठे होते त्या काळातल्या क्वेसारांचे लुकलुकणे आपल्याला पाचपट सावकाश दिसते. (हा मंदपणा विवराजवळचा नव्हे, विश्वाच्या प्रसरणाने आलेला.) त्याआधीच्या काही निरीक्षणांत तो सापडत नव्हता, म्हणून क्वेसारांबद्दलच शंका घेतल्या जात होत्या. बातमी आली तेव्हा "पूर्वी काळ सावकाश चालत असे" असे मथळे झळकले. त्या काळात तिथे कुणी घड्याळ घेऊन उभे असते तर त्याचा सेकंद त्याला सेकंदाएवढाच वाटला असता.

आपल्यासाठी याचे उदाहरण फार दूर नाही. उज्जैनच्या वेधशाळेत सम्राट यंत्रावरची सावली पाहून मुले नेहमी मनगटावरचे घड्याळ दाखवतात आणि विचारतात, "सर, हे चुकलंय का?" यंत्र उज्जैनची स्थानिक वेळ दाखवते, आणि आपली भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची. दोहोंत सुमारे २७ मिनिटांचा फरक असायचाच. ऋतूप्रमाणे सूर्याच्या चालीतली थोडी कमीजास्त वेगळीच. हा फरक मोजण्याच्या पद्धतीचा, आणि क्वेसारजवळचा फरक खुद्द काळाचा. दोन्ही एक नव्हेत. पण 'कुणाचे घड्याळ?' हा प्रश्न विचारण्याची सवय त्या सावलीपाशी लागू शकते. मोबाइलमध्ये रस्ता दाखवणाऱ्या उपग्रहांच्या घड्याळांत मात्र खरोखर काळाचाच फरक असतो: ती आपल्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि ते वजा केले नाहीत तर एका दिवसात दहा-अकरा किलोमीटरची चूक साचेल.

मग सात दिवसांत साठ वर्षे, हे शक्य आहे का? कथेत आकडा आहे, तेव्हा हिशेब करता येतो. आमच्या मंडळातल्या गणिताच्या बाईंनी तो फळ्यावर केला आणि दहावीची चार मुले जेवणाची सुट्टी सोडून पाहत बसली. 'सावकाश'च्या पोटातले विवर शंभर कोटी सूर्यांच्या वजनाचे, आणि स्वतःभोवती न फिरणारे धरू. एका सूर्यामागे तीन किलोमीटर या दराने त्याची त्रिज्या ३०० कोटी किलोमीटर होते. जवळजवळ युरेनसच्या कक्षेएवढे हे विवर. काळ निम्म्या गतीने चालायला हवा असेल तर केंद्रापासून ४०० कोटी किलोमीटरवर थांबले की पुरे. पण सात दिवसांत साठ वर्षे म्हणजे तीन हजार एकशे तीस पट. त्यासाठी त्रिज्येच्या हिशेबाने विवराच्या कडेच्या फक्त ३०० किलोमीटर बाहेर थांबावे लागते. इंदूरहून निघून वडोदऱ्यालाही पोहोचणार नाही, एवढेच.

इथे एका मुलाने हात वर करून विचारले की तिथे अवकाशही ताणलेले असते ना, मग हे तीनशे किलोमीटर खरे तीनशेच का? मुलगा हुशार आहे. यानातून कडेपर्यंत दोरी सोडून मोजले तर ती सुमारे १९ लाख किलोमीटर लागेल, म्हणजे पृथ्वी ते चंद्र अंतराच्या पाचपट. बाहेरून वर्तुळाच्या मापाने काढलेली त्रिज्या आणि आतली दोरी यांचे जमत नाही. शाळेतली भूमिती तिथे चालत नाही, हे त्या मुलांनी स्वतःच्या हाताने काढलेल्या आकड्यांत पाहिले.

शिवाय तिथे नुसते थांबून राहायचे तर इंजिनाचा जोर लावावा लागतो, आणि त्या जोराने माणसाचे वजन जवळजवळ पन्नास लाख पट होते. चाळीस किलोचा विद्यार्थी दोन लाख टनांचा! तेव्हा लेखिकेचे यान चहाच्या कपासकट चपाती होणार. भोवतीच्या तबकडीने आधीच भाजून निघाले नसेल तर.

यावर उपाय आहेत आणि ते शास्त्रातच आहेत. विवर अतिशय वेगाने स्वतःभोवती फिरणारे घ्या, मग कडेच्या अगदी जवळ स्थिर कक्षा मिळते. कक्षेत फिरणाऱ्याला वजन जाणवत नाही. २०१४ सालच्या 'इंटरस्टेलर' चित्रपटात एक तास म्हणजे सात वर्षे दाखवली आहेत, ती किप थॉर्न यांनी असाच हिशेब करून. आणि भाजण्याचे काय? क्वेसार कायम जळत नाही. आत पडणारा वायू संपला की तो विझतो, विवर तसेच राहते. आपण आज पाहतो त्यांतले बहुतेक क्वेसार एव्हाना विझलेलेही असतील. उजेड वाटेत आहे म्हणून आपल्याला दिसतात. तेव्हा यान आडवाटेने पोहोचते तो 'सावकाश' विझलेला असावा, आणि इंदूरच्या गच्चीवरून मात्र तो अजून झगमगताना दिसावा. कथा यामुळे बिघडणार नाही, उलट आम्हांला वाटते की आणखी चटका लावील.

राहिली ती आडवाट. तिचा हिशेब कुणालाच देता येणार नाही. देऊ नये. विज्ञानकथेला एक थाप माफ असावी, असे आमचे मत आहे. एकच. बाकी सगळे त्या थापेला धरून, निसर्गाचे नियम पाळून चालले पाहिजे.

सभेत एका आदरणीय सदस्यांनी रेवतीची कथा सांगितली. राजा रैवत ककुद्मी मुलीला घेऊन ब्रह्मलोकी गेला, क्षणभर थांबला, आणि परत येतो तो पृथ्वीवर युगे उलटलेली. मग रेवतीचे लग्न बलरामाशी झाले. हे सगळे आपल्याकडे आधीच होते, असे त्यांचे म्हणणे. कथा म्हणून ती अप्रतिम आहे आणि प्रत्येक मुलाने ऐकलेली असावी. परंतु तिच्यात किती जवळ गेल्यावर किती काळ, हे सांगणारा नियम नाही, त्यामुळे ती तपासून पाहता येत नाही. वर दिलेले तीनशे किलोमीटर तपासता येतात. मुलांना दोन्ही द्या, पण एकाच्या जागी दुसरे देऊ नका.

आणि आता भाषेबद्दल. जयंत नारळीकर मोठे झाले ते बनारसला, जिथे त्यांचे वडील विष्णु वासुदेव नारळीकर विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक होते. घर मराठी, गाव परभाषी, आपल्यासारखेच. केंब्रिजला नाव काढून आलेल्या या माणसाने १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत 'नारायण विनायक जगताप' या टोपणनावाने कथा पाठवली आणि पहिले बक्षीस मिळवले. कथेचे नाव 'कृष्णविवर'. नावाजलेल्या शास्त्रज्ञाला स्पर्धेची गरज नव्हती. पण ती स्पर्धा मराठीत होती म्हणून ती कथा मराठीत झाली, आणि तिच्यामागून पुढची सगळी. याच नारळीकरांनी क्वेसारांच्या अंतराबद्दल बहुसंख्य शास्त्रज्ञांना न पटणारे मतही मांडले: ताम्रसृती प्रत्येक वेळी अंतरच सांगते असे नाही, असे त्यांचे व त्यांच्या काही सहकाऱ्यांचे म्हणणे होते. ते स्वीकारले गेले नाही. पण त्यांनी ते आकड्यांसकट मांडले आणि आकड्यांसकट खोडले गेले. २० मे २०२५ रोजी ते गेले तेव्हा आपल्या वाचनालयात त्यांच्या पुस्तकांना मागणी आली, आणि निम्मी पुस्तके जीर्ण झाल्याचे तेव्हाच कळले. ती नव्याने घ्यावीत ही आमची वेगळी विनंती समजावी.

इंग्रजीतून शिकलेल्याला हे सगळे इंग्रजीत येईलच. त्याला आमचा विरोध असण्याचे कारण नाही. आमचीही मुले त्याच शाळांत जातात. पण जी गोष्ट घरच्या भाषेत आजीला सांगता येत नाही, ती मुलाला पुरती कळली आहे की नुसती पाठ आहे, हे ओळखणार कसे? लांबच्या रस्त्याचा पाहुणा उशिरा येतो, हे वाक्य त्या मुलीला इंग्रजीत सुचले असते असे आम्हांला वाटत नाही. प्रवेशिका कमी येतात हे कारण तर आम्हांला उलटेच वाटते. कमी येतात म्हणूनच स्पर्धा टिकवायची असते. ज्याला गर्दी आहे ते आपोआप चालते.

तेव्हा आमच्या सूचना. स्पर्धा मराठीतच राहावी. सोबत हिंदी-इंग्रजीची वेगळी हवी असल्यास तीही अवश्य सुरू करावी. प्रत्येक कथेला एक थाप माफ, आणि शेवटी एक पान हिशेबाचे जोडावे: कथेतले आकडे कुठून आले ते त्यात लिहावे. परीक्षकांत एक विज्ञानाचे आणि एक मराठीचे शिक्षक असावेत, आणि शेरा एका शब्दाचा नसावा. पारिभाषिक शब्द अडला तर क्वेसारला क्वेसारच म्हणावे, उगीच घडवलेला शब्द लादू नये. पालकांनी आपली मते या महिनाअखेर वार्तापत्राच्या पेटीत टाकावीत, विरोधातली असली तरी छापू.

'सावकाश' पुढील अंकात हिशेबाच्या पानासह प्रसिद्ध होईल. क्वेसार विझलेला दाखवायला आणि चहाच्या कपाचा परिच्छेद बदलायला लेखिका तयार झाली आहे. शेवट बदलणार का, असे आमच्यापैकी एकांनी तिला विचारून पाहिले. तिने नाही म्हटले.